जुन्या रिळांचे शोधक

दूरदर्शनच्या पडद्यावर एखाद्या लढ्याचा माहितीपट सुरू झाला, की त्यातील कृष्णधवल दृश्ये आपण निमूटपणे खरी मानतो. ती कोणी व कोठून आणली, हे कोणी विचारत नाही. अखेरच्या नामावलीत क्षणभर चमकून जाणाऱ्या चित्रफीत-संशोधकाचे ते काम असते, आणि ते कारकुनी नव्हे. निर्मात्यास हवी असतात दहा-बारा सेकंद. त्यांसाठी ढीगभर याद्या चाळाव्या लागतात, छायाचित्रकाराच्या टिपणाशी स्थळ व तारीख ताडून पाहावी लागते आणि हक्क कोणाकडे आहेत हेही शोधावे लागते. किंमत बहुधा सेकंदांच्या वा मिनिटांच्या हिशेबाने ठरते. प्रक्षेपण किती देशांत आणि किती वर्षे, यावर ती चढत जाते.

ताडून न पाहिल्यास काय होते? 'द बॅटल ऑफ द सोम' या १९१६ सालच्या ब्रिटिश चित्रपटात सैनिक खंदकातून वर चढून शत्रूवर चाल करतात. ते दृश्य आघाडीवर नव्हे, मागाहून मुद्दाम उभे करून चित्रित केलेले होते. तरीही खऱ्या युद्धाचा पुरावा म्हणून ते आजवर असंख्य वेळा वापरले गेले. अशा वेळी 'हे नको' म्हणणारा संशोधक निर्मात्यास अप्रिय होतो. पण त्याची खरी किंमत तीच.

आपल्याकडची कथा आणखी खेदाची. सरकारी वार्तापटाचे खाते १९४६ मध्ये बंद पडले आणि फिल्म्स डिव्हिजन १९४८ साली निघाली. परिणामी १५ ऑगस्ट १९४७ रोजी देशाजवळ स्वतःचे वार्तापट खातेच नव्हते! विठ्ठलभाई झवेरींनी ठिकठिकाणची दृश्ये मिळवून १९६८ साली गांधीजींवर पाच तासांहून मोठा चित्रपट उभा केला, तो चिकाटीच्या बळावर. पुढे जानेवारी २००३ मध्ये पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या कोठारास आग लागून जुन्या नायट्रेट फिती भस्मसात झाल्या.

गोमंतकाचे काय? लिस्बनच्या दूरदर्शन संस्थेचे नियमित प्रक्षेपण १९५७ साली सुरू झाले. म्हणजे येथील परकी सत्तेची अखेरची वर्षे तिच्या काळात येतात. तिचा संग्रह २०१७ पासून लोकांस खुला होऊ लागला, ही चांगली गोष्ट. पण ती चित्रे सालाझारशाहीच्या कात्रीखालून गेलेली आहेत, याचा विसर पडू नये. समोर दिसणारा किल्ला आग्वादचा की रेईश मागूशचा, हे ओळखणारा माणूस गोव्याचाच हवा. पोर्तुगीज, मराठी व कोकणी जाणणाऱ्या दोन-चार तरुणांना शासनाने या विद्येचे रीतसर शिक्षण द्यावे, अशी आमची मागणी आहे. लिस्बन, लंडन, मुंबई व पुणे येथील गोवाविषयक दृश्यांची यादी त्यांच्याकडून करून घ्यावी. घरोघरच्या माळ्यांवरील छोटी रिळेही तपासावीत. आपल्या दमट हवेत ती फार टिकत नाहीत. डबा उघडताच आंबूस वास आला, तर फीत नासू लागली आहे असे समजावे. या कामी अर्थसंकल्पात किती रक्कम ठेवली आहे, हे येत्या अधिवेशनात एखाद्या आमदाराने विचारावे.