पडद्यावरचा इतिहास कोण सांगतो?

१/५
सप्टेंबर १९९०. अमेरिकेत पीबीएसवर सलग पाच रात्री केन बर्न्स यांची ‘द सिव्हिल वॉर’ ही नऊ भागांची माहितीपट-मालिका प्रसारित झाली. दिग्दर्शक बर्न्स, निर्मातेही तेच.

२/५
१८६१–६५ च्या यादवी युद्धाचे चलच्चित्रण उपलब्ध असणे शक्यच नव्हते. बर्न्स यांनी स्थिर छायाचित्रांवरून कॅमेरा संथपणे फिरवला आणि सैनिकांची पत्रे वाचून घेतली. मूक छायाचित्रे बोलू लागली.

३/५
पडद्यावर सर्वाधिक दिसले ते कादंबरीकार शेल्बी फूट. तडजोड साधली नाही म्हणून युद्ध झाले, हे त्यांचे प्रतिपादन. इतिहासकार बार्बरा फील्ड्स यांनी गुलामगिरी आणि गुलामांचा स्वतःचा मुक्तिप्रयत्न केंद्रस्थानी ठेवला. त्यांना वेळ मात्र बराच कमी मिळाला.

४/५
मालिका गुलामगिरी लपवत नाही, हे मान्यच. परंतु माणसाला मालमत्ता मानणाऱ्या व्यवस्थेशी तडजोड झाली असती, तर तिची किंमत कोणी मोजली असती? फूट यांच्या रसाळ कथनात हा प्रश्न विरून जातो.

५/५
बर्न्स यांचे कर्तृत्व मोठे आहे. म्हणूनच त्यांची निवडही तपासली पाहिजे. माहितीपटाची भूमिका केवळ निवेदनात नसते; कोणाला किती मिनिटे बोलू दिले, यातही ती असते.