‘असूनही’ हा शब्द काढून टाका

मराठी टीव्हीवर मुसलमान दिसला की तो एक तर गुंड, नाही तर शिरखुर्मा वाटणारा प्रेमळ चाचा. आम्हा बीडकर मुसलमानांची ही जुनी तक्रार आहे आणि ती खरी आहे. पण तिला जोडून आपलेच लोक पुढे म्हणतात, ‘मराठी टीव्ही आपला नव्हताच कधी.’ हे मला साफ नामंजूर आहे.

२ ऑक्टोबर १९७२ ला मुंबई दूरदर्शन सुरू झालं. दिल्लीनंतरचं देशातलं दुसरं केंद्र. त्या वर्षी आमच्या जिल्ह्यात दुष्काळ. माणसं खडी फोडायला गेलेली. टीव्ही बघणार कोण, आणि त्या लहरी इथवर पोचत तरी कुठे होत्या? अंबाजोगाईचा मनोरा फार नंतरचा. म्हणून त्या पहिल्या वर्षांच्या आठवणी मुंबई-पुण्याच्या दिवाणखान्यांतच राहिल्या. विनायक चासकरांचा ‘गजरा’, विजया धुमाळेंचे चिमणराव-गुंड्याभाऊ, आणि ‘हास-परिहास’. यातल्या तिसऱ्या कार्यक्रमात ‘झोपी गेलेला जागा झाला’ लिहिणारे बबन प्रभू असत आणि त्यांच्यासोबत असत याकूब सईद.

सईद नुसते विनोद सांगणारे नव्हते, दूरदर्शनचे निर्माते होते. निर्माता म्हणजे पैसे घालणारा शेठ नव्हे. संहिता वाचणं, नट जमवणं, तालीम घेणं, कॅमेरे कुठे उभे राहतील ते ठरवणं, हे सगळं त्याच्याकडे. त्या काळात पुष्कळ काही थेटच जायचं. नट वाक्य विसरला तर ते घराघरांत विसरलेलंच दिसायचं. आत नियंत्रण कक्षात बसलेल्याने त्याच क्षणी दुसऱ्या कॅमेऱ्याचं चित्र घ्यायचं, एवढाच उपाय. असं काम करणाऱ्याला भाषा नुसती समजून भागत नाही. वाक्य कुठे संपणार आणि हशा कुठे येणार, हे आधीच कळावं लागतं.

आणि अशा माणसाचं कौतुक कसं होतं? ‘मुसलमान असूनही मराठी किती छान!’ हा ‘असूनही’ मला शिवीसारखा लागतो. चासकरांबद्दल कुणी म्हणतं का असं?

आपणही कमी नाही. १९९० मध्ये सोलापूरला मुस्लिम मराठी साहित्य संमेलन भरवून आपण ठणकावून सांगितलं की मराठी आमचीही आहे. कवी-कथाकार आपण मोजतो, पण पडद्यामागच्या माणसाला कोणत्या रांगेत बसवायचं हे आपल्याला सुचत नाही. पुस्तक कपाटात राहतं, थेट गेलेला कार्यक्रम त्याच रात्री संपतो. ज्यांनी त्या स्टुडिओत काम केलं ते आता म्हातारे झालेत. अंबाजोगाई-बीडच्या कॉलेजांतली आपली पोरं दिवसभर मोबाइलवर चित्रीकरण करत असतात. त्यांतल्या दोघा-चौघांनी मुंबईची एसटी धरावी, या माणसांसमोर बसावं आणि याकूब सईद काम कसं करायचे ते विचारून घ्यावं. भाड्यातला माझा वाटा मी देतो.