वाजविणारे हात कामगारांचेच

व्हायोलिनवर फिरणारा हात आणि यंत्रमागावर फिरणारा हात यांच्यात मालकवर्ग फरक करीत नाही. फरक करतो तो बहुधा कलावंत स्वतःच. अमेरिकेतील वादकांनी १८८६ साली 'नॅशनल लीग ऑफ म्युझिशियन्स' स्थापन केली, तेव्हा तिच्या धुरिणांना आपण कलावंत आहोत, मजुरांच्या पंगतीला बसणार नाही, असा ताठा होता. मात्र हा मोठेपणा त्यांची रोजी वाढवू शकला नाही. अखेर ऑक्टोबर १८९६ मध्ये इंडियानापोलिस येथे 'अमेरिकन फेडरेशन ऑफ म्युझिशियन्स'ची स्थापना झाली आणि वादक कामगार चळवळीत सामील झाले.

या संघटनेची खरी कसोटी यंत्राने पाहिली. १९२७ नंतर बोलपट आले आणि मूकपटांना साथ करणारे हजारो वादक अवघ्या काही वर्षांत बेकार झाले. पुढे ध्वनिमुद्रिका नभोवाणीवर आणि उपाहारगृहांतील ज्यूकबॉक्सवर अहोरात्र वाजू लागल्या. वादकाला मजुरी एकदाच. मालकाला नफा मात्र दरवेळी! वादकाचे श्रमच त्याच्या भाकरीवर उठले.

१ ऑगस्ट १९४२ रोजी जेम्स पेट्रिलो यांच्या नेतृत्वाखाली संघटनेने ध्वनिमुद्रणावर बहिष्कार पुकारला. विकल्या जाणाऱ्या प्रत्येक ध्वनिमुद्रिकेमागे ठराविक रक्कम बेकार वादकांच्या निधीत जमा करावी, ही मागणी होती. भांडवली वृत्तपत्रांनी पेट्रिलो यांना हुकूमशहा ठरविले. १९४४ साली खुद्द अध्यक्ष रूझवेल्ट यांनी बहिष्कार मागे घेण्याचे आवाहन केले. वादक ढळले नाहीत. डेक्का कंपनी १९४३ मध्येच नमली होती; आरसीए व्हिक्टर आणि कोलंबिया या बलाढ्य कंपन्यांनी नोव्हेंबर १९४४ मध्ये मागणी मान्य केली. या निधीतून वादकांना काम आणि जनतेला विनामूल्य संगीत मिळू लागले. १९४७ च्या टॅफ्ट-हार्टले कायद्याने असा निधी संघटनेच्या ताब्यात ठेवण्यास मनाई केली, तेव्हा १९४८ साली पुन्हा बहिष्कार पुकारून वादकांनी तो स्वतंत्र विश्वस्ताकरवी चालू ठेवावयास लावला.

परंतु या उज्ज्वल इतिहासावर एक काळा डाग आहे. जॅझ संगीत ज्यांनी घडविले त्या कृष्णवर्णीय वादकांना अनेक शहरांत स्वतंत्र शाखेत ढकलण्यात आले होते. लॉस एंजेलिसमधील दोन्ही शाखा सभासदांच्या रेट्यामुळे १९५३ साली एक झाल्या. पेट्रिलो यांच्या शिकागोत मात्र त्यासाठी १९६६ साल उजाडावे लागले. वर्णभेद पोसणारी संघटना मालकाचेच हात बळकट करते, हा धडा त्यांना उशिरा उमगला.

२०२४ साली याच संघटनेने हॉलिवूडच्या निर्मात्यांशी केलेल्या करारात कृत्रिम बुद्धिमत्तेच्या वापराविरुद्ध संरक्षण मिळविले. यंत्र बदलले, प्रश्न तोच राहिला: यंत्राने वाढविलेल्या उत्पन्नावर हक्क कोणाचा? यंत्र कामगाराचे शत्रू नाही. त्याच्या लाभावरील मूठभरांची मक्तेदारी ही शत्रू आहे. ती मोडण्याचे बळ एकट्या कलावंताच्या प्रतिभेत नसून त्याच्या संघटनेत आहे, हीच वादकांच्या या दीर्घ लढ्याची शिकवण होय.