दोन खोल्यांचा इतिहास कोण लिहिणार?



परवा बारामतीहून वालचंदनगरला गेले होते. माझी मावशी तिथल्या कामगार वसाहतीत संसाराला लागली, त्या ओळीसमोर दोन मिनिटे उभी राहिले. आता त्या घरात कोणी दुसरेच राहते. मावशीची तिथे एकही खूण नाही.

शेठ वालचंद हिराचंदांचे नाव आपण अभिमानाने घेतो. 1882 साली सोलापूरच्या दिगंबर जैन घरात जन्मलेला हा माणूस. पुढे त्यांनी जहाजे, विमाने, मोटारी अशा सगळ्या उद्योगांत हात घातला. नीरा डावा कालवा व्हिक्टोरिया राणीच्या काळातला. त्याच्या पाण्यावर आपल्या बारामती-इंदापूर भागात ऊस उभा राहिला आणि 1930 च्या दशकात कळंबच्या माळावर साखर कारखाना आला. कारखान्याबरोबर गाव वसले, त्याला शेठजींचे नाव मिळाले. हे सगळे पुस्तकांत आहे. पण त्या गावातल्या दोन खोल्यांच्या घराबद्दल कुठे काही वाचलेय का?

वाचायला मिळणारही नाही. वाड्याला खरेदीखत असते, शेताला सातबारा असतो. मंदिरात देणगी दिली तर संगमरवरावर नाव येते. कंपनीचे घर मात्र निवृत्तीबरोबर सोडायचे असते. पुरुषाचे नाव निदान हजेरीपटावर तरी राहते. ज्या बाईने तीस वर्षे ते घर चालवले, तिचे नाव कोणत्याच कागदावर नाही.

मावशीच्या स्वयंपाकघरात दोघी उभ्या राहिल्या की तिसरीला जागा नसे. तरी पाणी गाळल्याशिवाय माठात गेले नाही. काकांची दुसरी पाळी असली की दिवस मावळायच्या आत ती डबा पोचवायची. भोंगा कारखान्याचा, नियम धर्माचा, आणि दोन्हींचा मेळ घालणारी ती एकटी.

लहान घर म्हणजे अपरिग्रह, असे काही जणी कौतुकाने म्हणतात. मला ते पटत नाही. व्रत आपण होऊन घ्यायचे असते. कामगाराला जेवढे घर मिळाले, तेवढ्यात तो राहिला. तिथे कौतुक करायचेच तर त्या अडचणीत नेम सांभाळणाऱ्या बाईचे करा, अडचणीचे नको.

इंग्लंडमध्ये सॉल्टेअर नावाचे गाव आहे. टायटस सॉल्ट या गिरणीमालकाने 1850 च्या दशकात कामगारांसाठी वसवलेले. तिथली छोटी घरेही जपली आहेत आणि 2001 पासून ते गाव जागतिक वारसा आहे. आपल्याकडे प्रत्येक भिंत जपता येणार नाही, हे मलाही कळते. घरे जुनी होतात, पाडावी लागतात. पण आठवण तरी का पाडायची?

म्हणून यंदाच्या दशलक्षण पर्वात एक काम करू या. घरातल्या आजीजवळ, आत्याजवळ वही घेऊन बसा. खोल्या किती होत्या, माणसे किती, पाणी कुठून यायचे, चौका कसा सांभाळला, पाहुणे आले की कोण कुठे झोपायचे, सगळे विचारा. आणि पहिल्या ओळीत तिचे पूर्ण नाव लिहा.

मी मावशीपासून सुरुवात केली आहे. पहिल्याच प्रश्नाला ती म्हणाली, "त्यात काय सांगायचंय गं?" आणि मग दोन तास बोलत होती.