काळोखाबाहेरचा सिनेमा

१९६८ साली म्युनिकच्या भर रस्त्यात एक तरुणी छातीशी खोके बांधून उभी राहिली. खोक्याला पुढून पडदा, आत तिची उघडी छाती. तिचा एक सहकारी भोंग्यावरून लोकांना बोलावत होता. हे सिनेमागृह आहे, पडद्यात हात घाला आणि चित्रपट ‘पाहा’! अडचण एकच. इथे काळोख नव्हता. हात घालणाऱ्याला तिच्या नजरेला नजर द्यावी लागे, आणि भोवतालची गर्दी त्याच्याकडे पाहत असे.

तिचे नाव व्हाली एक्स्पोर्ट. १९४० साली ऑस्ट्रियातल्या लिंझ शहरात जन्मलेल्या या बाईंनी १९६७ मध्ये वडिलांचे आणि नवऱ्याचे अशी दोन्ही आडनावे टाकली आणि सिगारेटच्या एका छापावरून नवे नाव घेतले.

हे प्रथम वाचले तेव्हा मीही नाक मुरडले होते. कला म्हणजे वाटेल ते करायचे की काय? पण आपण घरची सगळी मंडळी मिळून जो ‘कौटुंबिक’ सिनेमा पाहतो, त्यात तरी काय असते? नायिका पावसात भिजते, कॅमेरा तिच्या अंगावरून फिरतो आणि आपण शेंगदाणे खात बसतो. ती आपल्याला पाहू शकत नाही, म्हणून आपल्याला लाज वाटत नाही. बाईंनी तेवढीच सोय काढून घेतली.

रस्त्यावरची अशी कलावंत चित्रपट काढू लागली की दोन आक्षेप हमखास येतात. जुने सोबती म्हणतात, विकली गेली. बाकीचे म्हणतात, हे चाळे आता सरकारी पैशाने? १९७७ चा ‘अदृश्य शत्रू’ हा त्यांचा पहिला मोठा चित्रपट सरकारी मदतीवर निघाला आणि ऑस्ट्रियात त्यावर काहूर उठले. त्यातली ॲना छायाचित्रकार आहे. परक्या शक्तींनी माणसांच्या मनांचा ताबा घेतला आहे, असे तिला वाटते. डॉक्टरांच्या मते हा तिचा मनोविकार.

मला दोन्ही आक्षेप पटत नाहीत. खोक्यासमोर एका वेळी एकच माणूस उभा राहतो, शरमतो आणि निघून जातो. साऱ्या समाजालाच लागण झाली आहे हे दाखवायला मात्र गोष्ट लागते, दीड तासाहून अधिक वेळ लागतो. चित्रपट ही त्यांची गरज होती. नुसता धक्का कुणीही देतो; तो ओसरल्यावर प्रश्न उरतो का, ही खरी कसोटी. हा चित्रपट मुलाबाळांसह पाहा असे मी म्हणणार नाही. मोठ्यांनी मात्र जरूर पाहावा.

१९८५ मध्ये बाईंचा चित्रपट बर्लिन महोत्सवाच्या स्पर्धेत होता. २०१७ मध्ये लिंझच्या जुन्या तंबाखू कारखान्यात त्यांच्या नावाचे संशोधन केंद्र उघडले. सिगारेटचे नाव घेतलेल्या बाईंना याहून साजेशी जागा कोणती?

परवा टीव्हीवर असेच एक पावसातले गाणे लागले होते. माझी पंधरा वर्षांची मुलगी पडद्याकडे नव्हे, माझ्याकडे पाहत होती. मी उठलो आणि खोलीतला दिवा लावला.