वेल्ह्याचा पाऊस वेल्ह्यातच टिपा

मावळातल्या गावावर सिनेमा निघतो, गोष्ट भर पावसात घडते, आणि मिक्सिंगच्या टेबलावर त्याला पाऊस मिळतो तो परदेशी लायब्ररीतला. प्रेक्षकाला काय कळतंय, असे निर्माता म्हणतो. प्रेक्षकाला कळते. वेल्हे-भोरकडच्या माणसाला तर लगेच कळते.

तोरण्याच्या पायथ्याला, कानंद खोऱ्यात आषाढात उभे राहून ऐका. लावणीआधी खाचरात नुसते पाणी असते, तेव्हा थेंब टोकदार वाजतात. रोपे वर आली की तोच पाऊस पातीवर पडतो आणि मऊ होतो. इरल्यावरचा निराळा, पत्र्यावरचा आणखी निराळा. पत्र्याखाली माणसे बोलतात तीच मुळी आवाज चढवून. नट तेच वाक्य डबिंगच्या शांत खोलीत आरामात म्हणतो आणि प्रसंग खोटा पडतो. ते फेडरने दुरुस्त होत नाही.

पाऊस सगळ्या फ्रिक्वेन्सी व्यापतो, त्यामुळे ‘स’, ‘श’, ‘ट’ आधी बुडतात. मग संवाद वर काढायला आपण पाऊस खाली ओढतो, आणि रिकामी जागा दिसली की संगीत चढवतो. इथेच मिक्सरची खरी कसोटी असते. राजकमल कलामंदिरात बसून मंगेश देसाईंनी ज्या चित्रपटांचे री-रेकॉर्डिंग केले, ते आपल्या धंद्यातल्या प्रत्येकाने पडद्याकडे पाठ करून ऐकावेत. ‘शोले’ (1975) मध्ये ठाकूर घरी परततो तेव्हा वारा आहे, झोपाळ्याची करकर आहे. तिथे व्हायोलिनांचा ताफा घालणे किती सोपे होते! त्याच्याही कितीतरी आधी, 1937 साली, पुण्यात प्रभातच्या ‘कुंकू’त शांतारामबापूंनी पार्श्वसंगीत टाळून घरातल्या नेहमीच्या आवाजांवर चित्रपट उभा केला. संगीत कुठे नको, हे ठरवायलाही कान लागतो, आणि तो खोलीत बसून तयार होत नाही.

आपल्याकडे येणारी नवी मुले हुशार आहेत. प्रो टूल्स त्यांच्या बोटांवर आहे. पण पाच-सात वर्षे काम करूनही अनेकांनी बूम हातात धरलेला नसतो, आणि त्यांना तो धरायला कोणी पाठवलेलेही नसते. दोष आपल्या पिढीचा आहे. ‘ख्वाडा’च्या लोकेशन साउंडसाठी महावीर सब्बनवाल यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. धनगरांच्या भटकंतीवरचा हा मराठी सिनेमा. त्या पुरस्कारानंतर तरी प्रत्यक्ष जागेवरच्या आवाजाला आपल्या कोटेशनमध्ये स्वतंत्र ओळ मिळायला हवी होती. अजून बहुतेक ठिकाणी ती ‘इतर खर्चा’त जाते.

म्हणून यंदा ती ओळ लिहा: युनिट परतल्यावर साउंडच्या दोन माणसांचा एक जादा मुक्काम. चेलाडी फाट्यावरून नसरापूरमार्गे आत गेलात की हायवेची घरघर मागे पडते, तरी रेकॉर्डिंग शेवटची एसटी गेल्यावरच सुरू करा. मायक्रोफोनच्या विंडशील्डवर थेंब थेट पडला की टपटप होते आणि टेक वाया जातो. वर काथ्याचा जाड, सैल थर ताणून धरा. किमान दहा मिनिटे न थांबवता घ्या, म्हणजे लूप कळत नाही. फाइलच्या नावात गाव, तिथी, खाचर की पत्रा, हे सगळे घाला. आणि ती फाइल सिनेमा संपल्यावर हार्ड डिस्कवरून पुसू नका. पुढच्या मिक्सरला द्या.