एका वाहिनीवरचा भार



मुलांच्या गोष्टींतील मांत्रिक अदृश्य शक्तीला कामाला जुंपतो आणि एके दिवशी ती त्याच्या हातून निसटते. अशा गोष्टींना आम्ही मोठी माणसे हसतो. परंतु भिंतीवरचे बटन दाबून आम्ही रोज जिला बोलावतो, ती वीजही डोळ्यांना दिसत नाही. आणि तीही एकदा अशीच निसटली होती. त्याचा आरंभ झाला मराठी माणसाच्या जुन्या परिचयाच्या ग्वाल्हेरकडे जाणाऱ्या वाहिनीवर.

सन २०१२, जुलैची ३० तारीख, रात्रीचे अडीच वाजून गेलेले. पाऊस लांबला होता. उत्तरेकडे शेतांवरील पंप आणि घरांतील पंखे अखंड चालू होते. बिना ते ग्वाल्हेर या ४०० किलोव्होल्टच्या मार्गावरील काही जोडण्या कामासाठी बंद असल्याने उरलेल्या वाहिनीवर फार मोठा भार आला. ती वाहिनी तुटली नाही की जळली नाही; रक्षणासाठी बसविलेल्या यंत्राने त्या भारालाच बिघाड समजून ती बंद केली. मग तो भार दुसऱ्या वाहिन्यांवर पडला, त्याही बंद झाल्या, आणि उत्तर भारत अंधारात बुडाला. दुसऱ्या दिवशी दुपारी एकच्या सुमारास तेथूनच पुन्हा तसेच घडले. या वेळी उत्तरेसह पूर्व व ईशान्य भारतही गेला. सुमारे ६० कोटी लोकवस्तीच्या प्रदेशाला त्याची झळ लागली. आगगाड्या वाटेत उभ्या राहिल्या. पश्चिम बंगालमधील खाणींत सुमारे २०० कामगार अडकले. देवकृपेने ते सुखरूप वर आले.

असे का व्हावे? वाहिन्यांतील वीज कणगीतल्या धान्यासारखी नसते. जेवढी खर्च होते तेवढी त्याच क्षणी निर्माण व्हावी लागते. आपल्या देशात हा मेळ सेकंदाला ५० आवर्तनांच्या तालावर राखला जातो; ओढ वाढली की ताल मंदावतो. चौकशी समितीने दुबळ्या झालेल्या वाहिन्यांबरोबर आणखी एक कारण नोंदविले: उत्तरेकडे ठरलेल्या वाट्याहून अधिक वीज ओढली जात होती आणि ती कमी करण्याच्या सूचनांना पुरेशी दाद मिळाली नाही.

वाचकहो, येथे आम्हांस मोशेच्या काळचा मान्ना आठवतो. ज्याला जेवढा लागे तेवढाच त्याने गोळा करावा, अशी आज्ञा होती. उद्यासाठी राखून ठेवलेल्या मान्न्यात किडे पडले. आपला वाटा ओलांडणाऱ्याला तो क्षुल्लकच वाटतो. परंतु असे अनेक क्षुल्लक वाटे एकाच वाहिनीवर जमा होतात.

म्हणून लग्नाच्या रोषणाईसाठी तारेवर आकडा टाकू नका. देवळाच्या सणासाठीही टाकू नका. चोरीच्या उजेडात देवाचा गौरव होत नाही. विहिरीचे पाणी आटू लागले की पंप लावण्याच्या पाळ्या ठरवा, आणि ठरल्या की पाळा.

त्या ३० तारखेला उत्तरेची केंद्रे पुन्हा चालू करण्यास पूर्वेकडून व पश्चिमेकडून वीज पोचविण्यात आली. ज्या जाळ्यातून संकट पसरले, त्याच जाळ्यातून मदतही आली. शेजाऱ्याशी जोडलेले असणे हे ओझेही आहे आणि आधारही. आपला भार मर्यादेत ठेवणे, हीही शेजारप्रीतीच होय.